फेकून द्यायच्या कागदाची कर्तबगारी

ओट्याखालच्या जुन्या कपाटांना नवं रूप द्यायचं म्हणून आपण चिकट फिल्मचा रोल आणतो. मागचा कागद सोलायचा, फिल्म शटरवर दाबत न्यायची आणि कागद कचऱ्यात. माझ्या मते या वस्तूतला सगळ्यात मोठा शोध म्हणजे तो कचऱ्यात जाणारा कागदच. फिल्म आणि गोंद दोन्ही आधीपासून होते, पण त्या कागदाशिवाय ते घरात आलेच नसते.

फिल्मचं मूळ अमेरिकेतल्या अ‍ॅक्रन शहरात सापडतं. १९२६ साली बी. एफ. गुडरिच या टायरच्या कंपनीत वाल्डो सेमन नावाचा रसायनशास्त्रज्ञ रबर धातूला चिकटवायला काहीतरी शोधत होता. त्याने पीव्हीसी हाती घेतलं. हा पदार्थ एकोणिसाव्या शतकापासून ठाऊक होता, पण कडक आणि ठिसूळ म्हणून अडगळीत पडला होता. सेमनने तो द्रावकात तापवला, तेव्हा रबरासारखा लवचिक पदार्थ तयार झाला. चिकटवायला त्याचा उपयोग नव्हता, पण तो वाकत होता आणि पाण्याला दाद देत नव्हता. पुढे त्यातूनच रेनकोट आले, पडदे आले आणि आपली फिल्मही आली.

गोंदाचं श्रेय मोटारी रंगवणाऱ्यांच्या अडचणीला द्यायला हवं. दुरंगी गाड्यांच्या त्या दिवसांत दोन रंगांमधली रेघ सरळ येईना, म्हणून थ्रीएम कंपनीच्या रिचर्ड ड्र्यूने १९२५ मध्ये मास्किंग टेप बनवली. नुसतं दाबलं की चिकटायचं, पाणी लावायला नको की वाळू द्यायला नको.

पण असा गोंद दिसेल त्याला धरतो. त्याची पट्टी छोट्या गुंडाळीत सांभाळता येते. हातभर रुंद, कापून-मापून लावायच्या फिल्मला मात्र पाठीवर पहारेकरी हवा. ती वाट स्टँटन एव्हरीने मोकळी केली. लॉस एंजेलिसमध्ये १९३५ साली त्याने कागदावरून सोलून लावायची लेबलं बनवली. यंत्राला वॉशिंग मशीनची मोटर आणि शिवणयंत्राचे भाग लावले होते. शंभर डॉलरचं भांडवल डोरोथी डर्फी या शिक्षिकेने उसनं दिलं. पुढे दोघांचं लग्न झालं. १९५०च्या दशकात या पाठकागदावर सिलिकॉनचा थर आला. गोंद सिलिकॉनवर नुसता टेकतो, त्याला धरत नाही, म्हणून हातभर लांब पट्टाही न फाटता सुटतो.

मग सगळं जुळून आलं. ब्रिटनमध्ये फॅब्लॉन, अमेरिकेत कॉन-टॅक्ट, आणि १९५८ साली जर्मनीतल्या वाइसबाख गावच्या हॉर्नशुख कंपनीचा डी-सी-फिक्स. लाकडाच्या रेषा, संगमरवराच्या शिरा, फुलं, हवी ती छपाई. पाठीवर चौकटी छापलेल्या, म्हणजे पट्टीविना सरळ कापता यावं.

याचं मोल सनमायकाशी ताडून पाहा. सनमायका म्हणजे राळेत भिजवलेले कागदाचे थर उष्णतेने आणि दाबाने एकजीव करून बनवलेला टणक पत्रा. तो लावायला सुतार, करवत, गोंद, वजनं आणि एक पूर्ण दिवस लागतो. फिल्मला कात्री आणि फडकं पुरतं. ज्या बाईला सुताराची वाट पाहावी लागायची, तिने आपल्या स्वयंपाकघराचा रंग स्वतः ठरवावा, ही मला साधी गोष्ट वाटत नाही.

फिल्मची मर्यादाही पीव्हीसीच्या जन्मातच आहे. उष्णतेने ती मऊ पडते. म्हणून कोपऱ्यावर हेअर ड्रायर फिरवला की ती छान वळते आणि त्याच कारणाने शेगडीच्या शेजारी तिची कड सुटते. आपल्या घरात त्यात फोडणीची भर. शटरवर बसलेला तेलाचा पातळ थर डोळ्यांना दिसत नाही, पण गोंद मग लाकडाऐवजी त्या तेलालाच धरतो. आधी भांड्यांच्या साबणाच्या गरम पाण्याने पुसा, पूर्ण कोरडं करा, मग कागद चार बोटं सोला, मऊ फडक्याने मधून कडेकडे दाबत जा आणि पुढचा सोला. बुडबुडा राहिलाच तर टाचणीने टोचून दाबा. आणि सिंकखालच्या शटरची कड पाण्याने फुगली असेल, तर फिल्म लावू नका. आधी सुताराला बोलवा.