भागीरथीचा तांब्या

आजी गेल्यावर माळा आवरताना एक पितळी तांब्या हाती लागला. काळा पडलेला, एका बाजूला पोचा आलेला. काठाखाली ठिपक्याठिपक्यांनी ठोकून घातलेलं नाव: चि. भागिरथी, आणि पुढे १९३६. बाबा म्हणाले, "माझ्या आजीचा असेल, तिचं नाव भागीरथी." पण १९३६ साली पणजी सासू झालेली होती, तिला 'चि.' कोण म्हणेल?

वाईला मावशीआजीला फोन लावला. आजीची ही धाकटी बहीण, तेव्हा अठ्ठ्याऐंशीची. मी नाव वाचून दाखवलं. ती बराच वेळ बोललीच नाही. मग म्हणाली, "तो ताईचा. घेऊन ये इकडे."

आमची आजी इंदिरा. रेशन कार्डावर इंदिरा, पोस्टाच्या पासबुकात इंदिरा. ती भागीरथी होती हे तिच्या मुलांनाही ठाऊक नव्हतं. मावशीआजी तिला 'भागूताई' म्हणायची, ते आम्ही लाडाचं समजत होतो.

लग्न ठरलं तेव्हाच अडचण निघाली होती. सासूचं नावही भागीरथी. सुनेला हाक मारायची तर सासऱ्यांच्या तोंडी बायकोचं नाव येणार, दिरांच्या तोंडी आईचं. त्या काळी हे चालण्यासारखं नव्हतं. लग्नात ताटात तांदूळ पसरले आणि आजोबांनी सोन्याच्या अंगठीने त्यात अक्षरं काढली. मावशीआजी आठ वर्षांची, नुकती वाचायला लागलेली. ती पुढे वाकली, अक्षरं जुळवली आणि मोठ्याने विचारलं, "इंदिरा कोण?" आईने चिमटा काढून मागे ओढलं. "ताई खाली मान घालून होती," मावशीआजी सांगत होती, "पण मी बघितलं, तीही वाचत होती. तिलाही तेव्हाच कळलं."

मला हे ऐकून गलबलून आलं. आपल्याकडे बाईला 'नाव घे' म्हटलं की ती नवऱ्याचं नाव घेते. हळदीकुंकवाला, डोहाळजेवणाला किती उखाणे ऐकले मी! माहेरचं स्वतःचं नाव घे, असं कुणी कुणाला म्हटलेलं आठवत नाही.

लग्नात बाईचं नाव बदलायची रीत आमच्याच घरातली थोडीच होती. १८६५ साली कल्याणला जन्मलेली यमुना नवव्या वर्षी गोपाळराव जोशींची आनंदी झाली आणि १८८६ साली फिलाडेल्फियाहून डॉक्टर होऊन बाहेर पडली. कुर्लेकरांची यमुना १८७३ मध्ये रानड्यांकडे आली, ती रमा झाली. 'स्मृतिचित्रे' लिहिणाऱ्या लक्ष्मीबाई टिळक मूळच्या गोखल्यांच्या मनकर्णिका. या बायका मोठ्या झाल्या म्हणून त्यांची पहिली नावं पुस्तकांत राहिली. बाकीच्यांची कुळवृत्तान्तातही सापडत नाहीत.

मावशीआजीने पुढचं सांगितलं ते मात्र मला आजीने कधीच सांगितलं नव्हतं. लग्नाआधी ती मराठी सातवी, फायनल पास होती. १९५१ साली आजोबा गेले तेव्हा आजी तिशीची, पदरात तीन मुलं. जवळच्या गावात प्राथमिक शाळेत बाईंची जागा निघाली. आजीने ट्रंकेतलं सर्टिफिकेट काढलं, अर्ज केला. कचेरीतल्या कारकुनाने दोन्ही कागद शेजारी ठेवले. अर्ज इंदिराचा, सर्टिफिकेट भागीरथीचं. आडनावही निराळं, मधलं नावही निराळं. "या बाई कोण? त्यांना घेऊन या," तो म्हणाला.

आजी दाखला आणायला वाईला आली. शाळेचे जुने हेडमास्तर वारलेले. नव्यांनी रजिस्टर काढून दिलं, पण त्यातली मुलगी हीच हे लिहून द्यायला दोन माणसं हवीत, म्हणाले. दीर येईनात, वहिनीने नोकरी करावी हेच त्यांना पसंत नव्हतं. शेवटी माहेरच्या दोघांनी सह्या दिल्या. यात पाच महिने गेले. तोवर जागा भरली होती. मग आजीने पापड लाटले, लोकांचे कपडे शिवले, आणि त्यावर तिघांना शिकवलं. ते सर्टिफिकेट पुढे कुठे गेलं कुणास ठाऊक.

"आणि बघ," मावशीआजी म्हणाली, "तेव्हापासून तिला पत्रं यायची ती गं. भा. इंदिराबाई अशी. गं. भा. म्हणजे गंगाभागीरथी. नवरा गेल्यावर पोरीला स्वतःचं नाव परत मिळालं, तेही असं." ती पदराने डोळे पुसत राहिली. मला काही बोलता आलं नाही.

परवा आत्या तिच्या हिश्श्याच्या जमिनीसाठी खेटे घालत होती. सातबाऱ्यावर माहेरचं नाव, आधारवर सासरचं, शाळेच्या दाखल्यावर तिसरंच. ती दोन्ही-तिन्ही नावांची व्यक्ती एकच, असं प्रतिज्ञापत्र करून झालं, तरी आणखी एक पुरावा हवाच होता. लग्नानंतर बाईने नाव बदललंच पाहिजे असा कायदा आपल्याकडे नाही. तरी बदलायचं तिने, आणि आपण तीच आहोत हे सिद्धही तिनेच करायचं. महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचंही नाव येतं, ते मला फार आवडलं. पण आईचं कोणतं नाव, हे मनात येतंच.

त्या दिवशी वाईहून निघताना तांब्या मावशीआजीच्या मांडीवर ठेवला. मोतीबिंदूने तिला अक्षरं दिसत नव्हती. तिने अंगठा काठाखाली नेला आणि एकेका ठिपक्यावरून सावकाश फिरवत राहिली. भा. गि. तिथे अंगठा थांबला.

"ऱ्हस्व घातलीय मेल्याने," ती म्हणाली. "ताईने त्याच दिवशी धरली होती चूक. दुकानात परत जाऊया म्हणून हट्ट धरून बसली होती. आई म्हणाली, राहू दे गं, कोण वाचतंय."