झाकली मूठ

१९४५ साली ब्रिटनने युद्ध जिंकले, पण तिजोरी रिकामी झाली होती. अमेरिकेकडून पावणेचार अब्ज डॉलरचे कर्ज काढावे लागले. युद्धकाळातही नसलेले पावाचे रेशनिंग जुलै १९४६ मध्ये आले. कपड्यांची कुपने तर १९४९ पर्यंत चालली. घरोघरी बायका झिजलेली कॉलर उसवून, उलटी करून पुन्हा शिवत आणि विरलेली चादर मधोमध फाडून तिच्या कडा मध्ये घेत. चारचौघांत मात्र सगळे नीटनेटके दिसे.

आम्ही याला दिखावा म्हणणार नाही. ती अब्रू राखण्याची धडपड होती. आपल्या चर्चच्या बाकांवरही इस्त्रीचा सदरा घालून बसलेल्या कुणाच्या घरी आज पिठाचा डबा रिकामा असेल. आपण हळूच चौकशी करू या. प्रभूने शिकवल्याप्रमाणे उजव्या हाताचे दान डाव्याला कळू न देता, त्यांची मूठ झाकलेलीच राहू देऊ या.