पारिजातकाचें शास्त्रीय नांव



पहांटे अंगणांत ज्याच्या फुलांचा सडा पडतो त्या झाडाला आपण पारिजातक किंवा प्राजक्त म्हणतों. हिंदी बोलणारा मनुष्य त्याला हरसिंगार म्हणेल, बंगाली शिउली म्हणेल, आणि संस्कृतांत शेफालिका हें नांव आढळेल. एका झाडाचीं अनेक नांवें असणें ही भाषेची श्रीमंती आहे. तिच्यामुळें सहसा कोणाचें नुकसान होत नाहीं. खरी अडचण येते ती एकाच नांवाखालीं दोन झाडें आलीं म्हणजे.

अशोकाचें उदाहरण घ्या. ज्याची साल आयुर्वेदांत स्त्रियांच्या विकारांवर सांगितली आहे, तो अशोक केशरी-तांबड्या फुलांच्या गुच्छांचा. परंतु शहरांत रस्त्याच्या कडेला जो उंच, सरळ, लांब पानांचा वृक्ष लावतात त्यालाहि लोक अशोकच म्हणतात. हा दुसरा सीताफळाच्या कुळांतला. पहिल्याशीं त्याचें कांहीं नातें नाहीं. असें असून पहिल्याच्या जागीं दुसऱ्याची साल बाजारांत खपते, हें तपासणी करणाऱ्यांनीं अनेकदां दाखविलें आहे. रोग्याच्या पोटांत कोणती साल जावी, हा प्रश्न शेवटीं नांवाचाच प्रश्न ठरतो. शास्त्रज्ञ नांवांविषयीं इतके काटेकोर कां असतात, हें येथें ध्यानांत येईल.

हें काटेकोरपण एका दिवसांत आलें नाहीं. अठराव्या शतकाच्या मध्यापर्यंत युरोपांत वनस्पतीचें नांव म्हणजे तिचें एक लहानसें वर्णनच असे. टोमॅटोचें त्या काळचें लॅटिन नांव मराठींत सांगावयाचें तर ‘बिनकांट्याच्या मऊ खोडाचें, पिसासारख्या विभागलेल्या कातरी पानांचें, साध्या घोसांचें सोलॅनम’ असें होईल. नवीन सोलॅनम सांपडलें कीं तें निराळें दाखविण्यासाठीं वर्णनांत आणखी शब्दांची भर पडावयाची. इतकीं लांब नांवें कोण पाठ ठेवणार?

स्वीडनमधील उप्साला येथील प्राध्यापक कार्ल लिनियस (१७०७–१७७८) यानें १७५३ सालीं ‘स्पीशीज प्लांटारम’ हा द्विखंडात्मक ग्रंथ प्रसिद्ध केला. लांब वर्णनें त्यानें कायम ठेवलीं. पण प्रत्येकाच्या बाजूला, समासांत, एकेक सुटसुटीत शब्द छापला. प्रजातीचें नांव आणि हा एक शब्द मिळून जातीचें नांव पुरें होऊं लागलें. टोमॅटो, वांगें आणि बटाटा हीं तिन्ही त्यानें एकाच सोलॅनम प्रजातींत घातलीं. पुढचा शब्द तेवढा प्रत्येकाचा निराळा. आपल्याकडे आडनांव घराण्याचें आणि नांव व्यक्तीचें, तशीच ही व्यवस्था. फरक इतकाच कीं येथें आडनांव आधीं येतें. जी गोष्ट त्यानें केवळ सोय म्हणून केली, तीच त्याच्या सर्व कार्यांत अधिक टिकाऊ ठरली.

त्या ग्रंथांत पारिजातकाला नांव मिळालें तें निक्टँथेस आर्बर-ट्रिस्टिस. पहिला शब्द ग्रीक. त्याचा अर्थ रात्रीं फुलणारें. पुढच्या लॅटिन शब्दांचा अर्थ दुःखी वृक्ष. लिनियस हिंदुस्थानांत कधींच आला नव्हता. मग हें दुःख त्याला कोठून कळलें?

त्याचा माग घेत गेलें म्हणजे आपण गोव्याला येऊन पोंचतों. गार्सिया द ओर्ता नांवाचा पोर्तुगीज वैद्य १५३४ मध्यें गोव्यांत आला. येथील औषधांविषयींचा त्याचा संवादरूप ग्रंथ १५६३ सालीं गोव्यांतच छापला गेला. त्यांत या ‘दुःखी झाडा’वर एक संवाद आहे आणि येथें ऐकलेली एक कथाहि त्यानें नोंदविली आहे. एक कन्या सूर्यावर आसक्त झाली; सूर्यानें तिचा त्याग केला; तिनें प्राण दिले आणि तिच्या रक्षेंतून हें झाड उगवलें; म्हणून त्याचीं फुलें सूर्याचें तोंड पाहत नाहींत. चारच वर्षांनीं, १५६७ मध्यें, क्लुसियुस नांवाच्या विद्वानानें या ग्रंथाचा लॅटिन संक्षेप काढला आणि तो युरोपभर वाचला गेला. दुःखी झाड हें नांव तेथें रूढ झालें तें अशा रीतीनें.

दुसरा माग कोचीनला जातो. मलबारांतील डचांचा प्रमुख हेंड्रिक फान रेडे यानें तेथील वनस्पतींचा एक प्रचंड ग्रंथ तयार करविला. ‘हॉर्टस मलाबारिकस’ या नांवानें त्याचे बारा खंड १६७८ ते १६९३ या काळांत आम्स्टरडॅम येथें निघाले. त्यांत सुमारे ७४० वनस्पतींचीं वर्णनें आणि उत्तम चित्रें आहेत. पारिजातक पहिल्याच खंडांत मंजपूमरम, म्हणजे पिवळ्या फुलांचें झाड, या मल्याळी नांवानें येतो, आणि लिनियसनें आपल्या नोंदींत त्याचा उल्लेख केला आहे.

ही माहिती पुरविली कोणी? इट्टी अच्युतन या मल्याळी वैद्यानें, आणि त्याच्याबरोबर रंगभट, विनायक पंडित व आप्पुभट या तिघां कोंकणी ब्राह्मणांनीं. पोर्तुगीज अंमलांत गोवा सोडून दक्षिणेकडे गेलेल्या समाजांतले हे लोक. आपल्या निघंटूच्या आधारें दोन वर्षें सकाळ-संध्याकाळ हें काम केल्याचें त्यांचें २० एप्रिल १६७५ चें प्रशस्तिपत्र पहिल्या खंडांत कोंकणी भाषेंत, नागरी लिपींतच छापलेलें आहे.

आतां वर्गीकरणाकडे वळूं. लिनियसनें फुलांतील पुंकेसर मोजून वनस्पतींचे चोवीस वर्ग केले होते. पारिजातक आणि मोगरा या दोहोंचे पुंकेसर दोन, म्हणून ते एका वर्गांत आले. इतकेंच नव्हे तर मोगऱ्यालाहि त्यानें निक्टँथेस सांबाक असें पारिजातकाचेंच आडनांव दिलें. परंतु याच मोजणीमुळें तुळशीच्या कुळांतील साल्व्हिया मोगऱ्याच्या वर्गांत गेली आणि तुळस दुसऱ्याच वर्गांत राहिली. सख्ख्या बहिणींची अशी ताटातूट करणारी पद्धत टिकणें शक्य नव्हतें. डार्विनच्या १८५९ मधील ग्रंथानंतर वर्गीकरण म्हणजे वंशावळ हा विचार पक्का झाला, आणि आज ती वंशावळ डीएनएवरून तपासली जाते.

पण वर्ग मोडले तरी नांवें उरलीं. मोगऱ्याला १७८९ मध्यें जास्मिनम प्रजातींत नेलें; तरी सांबाक हा शब्द त्याच्याबरोबर गेला, आणि मूळ नांव देणाऱ्या लिनियसचें आद्याक्षर आजहि त्यापुढें कंसांत लिहितात. वनस्पतींच्या नांवांचे आंतरराष्ट्रीय नियम १८६७ मध्यें पॅरिसला प्रथम ठरले. आजच्या नियमांप्रमाणें १ मे १७५३ ही आरंभाची तारीख, आणि सामान्यतः आधीं दिलेलें नांव तेंच खरें. १९३० पासून आणखी एक नियम आला: नांव हें वर्णनाला बांधलेलें नसून एका ठराविक नमुन्याला, बहुधा कागदावर चिकटविलेल्या वाळक्या डहाळीला, बांधलेलें असतें. शंका आली तर ती डहाळी पाहावी. वर्गीकरण हें मत आहे. पुरावा बदलला कीं तें बदलतें. नांव हा करार आहे. तो मतांबरोबर मोडतां येत नाहीं.

या करारांत साक्षीदारांचीं नांवें मात्र क्वचितच दिसतात. फान रेडेच्या सन्मानार्थ एका प्रजातीला रीडिया हें नांव मिळालें. रंगभटांच्या वांट्याला तसें कांहीं आलें नाहीं. पुढें रीडियाहि कोकमाच्या प्रजातींत विलीन झाली. त्या तिघांचें कोंकणी प्रशस्तिपत्र छापील पानावर अजून जसेंच्या तसें आहे. पारिजातकाचें लॅटिन नांव मुलांना शिकवितांना शिक्षकांनीं हींहि तीन नांवें फळ्यावर लिहावीं, एवढीच माझी विनंति आहे.