गप्पी, गॅम्बुशिया आणि खडशी : पुण्याच्या पाण्यातील काही नावांचा इतिहास

‘गप्पी मासे पाळा, हिवताप टाळा’ ही घोषणा सरकारी दवाखान्यांच्या आणि शाळांच्या भिंतींवर आपण सर्वांनीच कधी ना कधी वाचलेली असते. पाळा-टाळा हे यमक कानात बसणारे आहे, आणि ‘गप्पी’ हा शब्द तर इतका घरचा वाटतो की त्याची विचारपूस करावी असे कुणाच्या मनात येत नाही. एकदा वर्गात शब्दांच्या व्युत्पत्तीचा विषय निघाला असता आम्ही हा शब्द विद्यार्थ्यांपुढे ठेवला. कुणी तो ‘गप्पां’शी जोडला, कारण हे मासे घोळक्याने, जणू कुजबुजत फिरतात. कुणी ‘गप्प’शी जोडला, कारण मासा मुका. एकाने ‘गप्पीदास’ सुचवले आणि वर्ग हसला. तिन्ही उत्तरे चुकीची होती, पण तिन्हींमागे भाषेची एकच जुनी खोड होती. परका शब्द दारात आला की भाषा आपल्याच गोतावळ्यात त्याचे नाते शोधते. या खोडीला आपण लोकव्युत्पत्ती म्हणतो.

खरी हकीकत अशी. रॉबर्ट जॉन लेचमियर गप्पी नावाचे गृहस्थ एकोणिसाव्या शतकात त्रिनिदाद बेटावर राहत होते. भूगर्भशास्त्र आणि निसर्गाभ्यास हा त्यांचा छंद. तेथील ओढ्यातील काही चिमुकले मासे त्यांनी लंडनच्या ब्रिटिश म्युझियमकडे पाठवले, आणि तेथील मत्स्यशास्त्रज्ञ अल्बर्ट ग्युंथर यांनी १८६६ मध्ये त्या माशाला या गृहस्थांचे नाव दिले. पुढे लक्षात आले की बर्लिनच्या विल्हेल्म पीटर्स यांनी कॅराकसहून आलेल्या नमुन्यांवरून याच माशाचे वर्णन १८५९ मध्येच केलेले आहे. शास्त्रीय नामकरणात जो आधी आला त्याचा मान. त्यामुळे ग्युंथर यांचे नाव बाद झाले आणि पीटर्स यांचे ‘रेटिक्युलाटा’, म्हणजे जाळीदार, हे विशेषण टिकले. परंतु मासे पाळणाऱ्यांनी हा निकाल मानला नाही. शास्त्राने खोडलेले आडनाव त्यांच्या तोंडी राहिले, समुद्र ओलांडून इकडे आले आणि मराठीत येताच त्याला आयता गोतावळा मिळाला.

गप्पीच्या जोडीने सरकारी पत्रकांत आणखी एक नाव येते : गॅम्बुशिया. हा त्याचा उत्तर अमेरिकेतील भाऊबंद. नर जेमतेम बोटाच्या दोन पेऱ्यांएवढा, मादी थोडी मोठी. अंडी न घालता थेट पिलांना जन्म देणारा. १८५३ मध्ये स्पेन्सर बेअर्ड आणि शार्ल जिरार या दोघांनी टेक्सासमधील नमुन्यांवरून त्याचे वर्णन केले आणि त्याला ‘अफिनिस’ हे लॅटिन विशेषण दिले. अफिनिस म्हणजे संबंधी, नातलग. दुसऱ्याच वर्षी हवानाचे निसर्गशास्त्रज्ञ फेलिपे पोई यांनी क्यूबातील अशाच माशांसाठी ‘गॅम्बुशिया’ हे प्रजातिनाम योजले आणि पुढे टेक्सासचा मासाही त्यात गेला. पोई यांनी हे नाव कोठून घेतले हे स्वतःच सांगून ठेवले आहे. क्यूबाच्या बोलीत ‘गाम्बुसिनो’ म्हणजे काहीच नाही, तेही थट्टेच्या सुरात. गळ टाकून दिवसभर बसलेला माणूस रिकाम्या हाताने परतला की तो गाम्बुसिनो धरायला गेला होता असे तेथे म्हणत. तेव्हा ‘गॅम्बुशिया अफिनिस’ या भारदस्त नावाचा सरळ मराठी अर्थ होतो ‘काहीच-नाहीचा नातलग’. शास्त्राच्या दप्तरात इतका मिस्किल समास क्वचितच नोंदला गेला असेल.

मात्र या नगण्याला लवकरच नोकरी लागली. १८९७ मध्ये सिकंदराबाद येथे रोनाल्ड रॉस यांनी डासाच्या पोटात हिवतापाचा जंतू पाहिला आणि डासांच्या अळ्या खाणाऱ्या प्रत्येक प्राण्याला महत्त्व आले. १९०५ मध्ये टेक्सासहून गॅम्बुशिया हवाई बेटांवर नेण्यात आला. १९२० च्या दशकात तो स्पेन आणि इटलीत पोहोचला. इटलीहून १९२८ मध्ये भारतात आला. इंग्रजीत त्याचे नावच बदलले. तो ‘डासमासा’ झाला. येथे नामकरणाच्या अभ्यासकाने क्षणभर थांबावे असे आम्हांस वाटते. ज्याला ‘काहीच नाही’ म्हटले त्याच्याविषयी पोई यांनी निदान कसलाही दावा केला नव्हता. ‘डासमासा’ हे नाव मात्र एक दावा आहे. आपल्याला जे काम हवे तेवढेच त्यात सांगितलेले आहे. हा मासा बेडकांची पिले आणि इतर माशांची अंडीही खातो, जेथे सोडावा तेथील लहान माशांवर तुटून पडतो, हे त्या नावात बसत नाही. जगातील शंभर अतिउपद्रवी आक्रमक जातींच्या, २००० साली प्रसिद्ध झालेल्या यादीत गॅम्बुशियाचा समावेश झाला. ऑस्ट्रेलियात त्यालाच ‘साथ’ या अर्थाचे विशेषण लावून संबोधू लागले. मासा तोच, त्याच्या पोटाची भूकही तीच. फक्त नाव ठेवणाऱ्याची गरज बदलली.

हे झाले पाहुण्यांविषयी. पण गप्पी आणि गॅम्बुशिया येण्यापूर्वी पुण्याच्या पाण्यात जे मासे होते त्यांची नावे काय होती? या प्रश्नाचे उत्तर अनपेक्षित ठिकाणी मिळते.

कर्नल विल्यम हेन्री साइक्स यांना १८२४ मध्ये मुंबई सरकारने दख्खनची सांख्यिकी पाहणी करण्याच्या कामावर नेमले. पेशवाई बुडून सहा वर्षे झाली होती. नव्या राज्यकर्त्यांना या मुलुखाची माणसे, पिके, जमिनी सारे मोजून हवे होते. साइक्स पक्षीही मोजत आणि मासेही. १८३१ मध्ये ते मायदेशी परतले आणि १८३८ मध्ये लंडनच्या प्राणिशास्त्रीय संस्थेपुढे त्यांनी दख्खनच्या माशांवरील निबंध सादर केला. मोल्सवर्थ साहेबांचा मराठी-इंग्रजी कोश मुंबईत छापून निघाला तोही १८३१ मध्येच. एकाच दशकात एक साहेब मराठी शब्द गोळा करीत होता आणि दुसरा मराठी मासे. आणि या दुसऱ्याने माशांबरोबर शब्दही नेले हे आपण फारसे ध्यानात घेतलेले नाही.

साइक्स यांनी नव्या जातींना नावे देताना पुष्कळदा स्थानिक नावच उचलून लॅटिनच्या पंगतीत बसवले. ती नावे आजही जगभरच्या ग्रंथांत आहेत, पण रोमन लिपीमुळे आपल्यालाच ओळखू येत नाहीत. त्यांची किल्ली निबंधाच्या मथळ्यात आहे. ‘दख्खन’ हा शब्द साइक्स असा लिहितात की आजचा विद्यार्थी तो ‘डुखुन’ वाचील. त्या काळच्या इंग्रजी लेखनात ‘यू’ हे अक्षर बहुधा ऱ्हस्व ‘अ’साठी येई, ‘डबल ई’ दीर्घ ‘ई’साठी, आणि आपल्या ‘ळ’ला रोमनमध्ये जागा नसल्याने तेथे ‘एल’ येई, कधी एक, कधी दोन. ही किल्ली लावली की ‘मुल्ल्या’ हा ओढ्यातील दगडांना चिकटून राहणारा आपला ‘मळ्या’ होतो, ‘कोलुस’चा ‘कोळस’ होतो, ‘मुसुल्ला’चा ‘मसळा’, आणि ‘सींगटी’ ही उघडच मिशांची आणि काट्यांची ‘शिंगटी’. ‘रोहटी’ या नावाला तर त्यांनी संपूर्ण प्रजातीचा मान दिला आणि ती प्रजाती आजही शास्त्रमान्य आहे.

यांपैकी सर्वांत प्रसिद्ध नाव ‘खुद्री’. दख्खनच्या महसीर माशाचे हे शास्त्रीय नाव. त्याचा मूळ नमुना साइक्स यांना मिळाला तो पुण्याच्या पूर्वेस, मुळा-मुठेच्या प्रवाहात. वरील किल्ली लावली तर हे नाव ‘खडरी’ असे वाचावे लागते, आणि आजही याच माशाला ‘खडशी’ म्हणतात हे ध्यानात घेता दोन्हींत तोच ‘खड’ ऐकू येतो असा आमचा तर्क आहे. खडकाळ, वाहत्या पाण्याच्या या माशाला ते नाव शोभतेही.

आता या यादीची दुसरी बाजू पाहावी. साइक्स यांनी काही माशांना माणसांची नावे दिली. रोहटीच्या एका जातीला प्राणिशास्त्रीय संस्थेचे चिटणीस विल्यम ऑगिल्बी यांचे, दुसरीला संस्थेचे पहिले चिटणीस निकोलस व्हिगर्स यांचे, तर एका प्रचंड शिंगाड्याला विल्यम यॅरेल यांचे. हे सर्व लंडनचे प्रतिष्ठित गृहस्थ. ज्यांनी जाळे टाकले, मासा वर काढला, ‘साहेब, हा कोळस, ही शिंगटी’ असे सांगितले, त्या भोई-कोळ्यांपैकी एकाचेही नाव या नामावळीत नाही. त्रिनिदादचे गप्पी नमुने पाठवून अमर झाले. नमुने पाठवणे हेच जर अमरत्वाचे मोल असेल तर मुठेकाठच्या भोयांनी ते कितीतरी पटींनी चुकते केले होते. तरीही त्यांच्या बाबतीत एक काव्यात्म न्याय घडला असे म्हणता येते. त्यांची नावे गेली, पण त्यांनी ठेवलेली नावे राहिली. ‘रोहटी ऑगिल्बाय’ असा उच्चार कोणी करतो तेव्हा चिटणीससाहेबांच्या आधी अनामिक भोयाचा शब्द येतो.

येथे आमच्या विवेचनाचा मुख्य मुद्दा येतो. गप्पी हे नाव शास्त्रात रद्द झाले आणि तोंडी टिकले. मळ्या, कोळस, मसळा, रोहटी ही नावे शास्त्रात टिकली आणि तोंडून जात आहेत. पुण्यातील शाळकरी मुलाला गप्पी ठाऊक असतो. रोहटी ठाऊक असलेला पदवीधर आम्हांस अजून भेटायचा आहे. यात आपल्या कोशांचाही दोष आहे. माशाचे नाव आले की ‘माशाची एक जात’ एवढे लिहून पुढे जायचे, ही कोशकारांची जुनी सवय. शब्द नोंदला जातो, पण त्याने दाखवलेला मासा नोंदला जात नाही. ज्या शब्दाचा अर्थ केवळ ‘एक जात’ एवढाच उरतो, तोही एका परीने गाम्बुसिनोच होय.

आणि शब्दांपाठोपाठ मासेही गेले, किंबहुना मासे गेले म्हणून शब्द गेले. खडकवासल्याचे धरण १८७९ मध्ये पुरे झाले. साइक्स यांची मुठा त्याआधीची, मोकळी वाहणारी. १९४२ मध्ये फ्रेझर यांनी पुण्याच्या माशांची नोंद मुंबईच्या निसर्गेतिहास संस्थेच्या नियतकालिकात प्रसिद्ध केली. २००३ मध्ये पुण्यातील अभ्यासकांनी मुळा-मुठेचे मासे पुन्हा मोजले आणि जुन्या याद्यांशी ताडून पाहिले, तेव्हा कितीतरी जातींची जागा रिकामी निघाली. सांडपाणी, धरणे आणि बाहेरून आणून सोडलेले मासे ही त्याची कारणे. गप्पी मात्र शहराच्या नाल्यातही तग धरून असतो.

तथापि या इतिहासातून ‘आपला मासा चांगला, परका वाईट’ असा सोपा निष्कर्ष काढण्याचा मोह वाचकांनी आवरावा. ज्या खुद्रीला देहूच्या डोहात देवाचा मासा म्हणून अभय मिळाले, त्याच खुद्रीची पिले लोणावळ्याच्या मत्स्यबीज केंद्रात विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मोठ्या प्रमाणावर वाढवली गेली आणि दूरदूरच्या नद्यांत सोडली गेली. कावेरीत ती इतकी फोफावली की तेथील मूळचा, पाठीवर उंचवटा असलेला महसीर मागे हटला. २०१५ मध्ये अभ्यासकांनी हे दाखवून दिले. त्या महसीराचे शास्त्रीय नाव निश्चित व्हायला २०१८ उजाडले. म्हणजे कावेरीकाठी आपली मराठमोळी खडशी तेच करते आहे जे इतरत्र गॅम्बुशिया करतो. ज्याला नाव नव्हते त्याचे जाणे बराच काळ कुणाच्या लक्षातही आले नाही. नावाचे महत्त्व ते हेच.

म्हणून साहित्याच्या विद्यार्थ्यांपुढे आम्ही एक काम ठेवू इच्छितो. साइक्स यांची यादी घ्यावी, ‘यू’चा ‘अ’ आणि ‘एल’चा ‘ळ’ करीत ती देवनागरीत उतरवावी आणि भीमेच्या, नीरेच्या काठी जे भोई अजून जाळे टाकतात त्यांना मोठ्याने वाचून दाखवावी. कोणत्या नावावर त्यांची मान हलते, कोणते ते हसून दुरुस्त करतात आणि कोणते ऐकून ते म्हणतात, ‘हा आमच्या आज्याच्या वेळी होता’, याची नोंद करावी. बोलीभाषेच्या अभ्यासक्रमात आपण म्हणी आणि ओव्या गोळा करतोच. त्यांच्याच वहीत ही नावेही मावतील. ‘मुल्ल्या’ हा मळ्या आहे हे सांगणारा माणूस सापडेल तोवर हे काम उरकलेले बरे.