कॅसाव्हेटीस, जॉन

(९ डिसेंबर १९२९ – ३ फेब्रुवारी १९८९). अमेरिकन अभिनेता, पटकथाकार आणि दिग्दर्शक. जन्म न्यूयॉर्क येथे, ग्रीक वंशाच्या कुटुंबात. ‘अमेरिकन अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट्स’मध्ये अभिनय शिकून तो दूरचित्रवाणीवर नाव कमावू लागला. १९५४ मध्ये अभिनेत्री जीना रोलंड्सशी त्याचा विवाह झाला.

त्याचा पहिला चित्रपट ‘शॅडोज’ (१९५९) लोकवर्गणीतून उभा राहिला. रात्रीच्या एका रेडिओ कार्यक्रमात त्याने पैशाचे आवाहन केले आणि श्रोत्यांनी खरोखरच पैसे पाठवले. १६ मिमी फिल्मवर केलेली पहिली प्रत प्रेक्षकांना दाखवल्यावर त्याचेच समाधान झाले नाही, म्हणून त्याने बराचसा भाग नव्याने चित्रित केला. नंतर स्टुडिओसाठी केलेल्या ‘अ चाइल्ड इज वेटिंग’ (१९६३) या चित्रपटाच्या संकलनावरून निर्माता स्टॅन्ली क्रेमरशी त्याचे बिनसले. तेव्हापासून ‘द डर्टी डझन’ (१९६७, साहाय्यक अभिनेत्याचे ऑस्कर नामांकन), ‘रोझमेरीज बेबी’ (१९६८) अशा दुसऱ्यांच्या चित्रपटांत काम करून मिळवलेला पैसा तो स्वतःच्या चित्रपटांत घालत राहिला. ‘फेसेस’ (१९६८) बराचसा राहत्या घरातच चित्रित झाला. या चित्रपटाला तीन ऑस्कर नामांकने मिळाली.

‘अ वुमन अंडर द इन्फ्लुअन्स’ (१९७४) हे त्याचे सर्वश्रेष्ठ काम होय. त्यासाठी त्याने घर गहाण टाकले. प्रमुख अभिनेता पीटर फॉक यानेही पदरचे पैसे घातले. चित्रपटातल्या नवरा-बायकोच्या आयांच्या भूमिका जॉनच्या आणि जीनाच्या खऱ्या आयांनी केल्या. रात्रपाळी करून आलेल्या कामगारांना नायिका मेबल (जीना) सकाळी स्पगेटी वाढते, तो प्रसंग पाहावा. ती प्रत्येकाची आपुलकीने विचारपूस करते, एकाला नाचायला ओढू पाहते, आणि नवरा खेकसताच सारे टेबल गप्प होते. तिचे वेड कोठे सुरू होते आणि घरच्यांचे ओशाळलेपण कोठे, हे कॅमेरा ठरवून देत नाही. वितरक मिळेना, तेव्हा जॉनने चित्रपटगृहांशी स्वतः बोलून तो लावला. जीनाला अभिनयासाठी आणि त्याला दिग्दर्शनासाठी ऑस्कर नामांकन मिळाले.

त्याचे चित्रपट जागच्या जागी सुचलेल्या संवादांवर चालतात, हा समज चुकीचा आहे. ‘शॅडोज’नंतरचे संवाद बहुतांशी लिहिलेले असत. मोकळीक असे ती हालचालीत आणि भावनेत. नटाने कॅमेऱ्यासाठी आखलेल्या खुणेवर येऊन थांबावे, हे त्याच्यातल्या नटाला मानवत नसे. कॅमेऱ्यानेच नटामागे जावे. त्यामुळे काही प्रसंग लांबतात खरे, पण माणसे खोटी वाटत नाहीत.

‘हजबंड्स’ (१९७०) आणि ‘ओपनिंग नाइट’ (१९७७) यांत त्याने दिग्दर्शनाबरोबर अभिनयही केला. ‘ग्लोरिया’ला (१९८०) व्हेनिसचा सुवर्णसिंह विभागून मिळाला, तर ‘लव्ह स्ट्रीम्स’ला (१९८४) बर्लिनचे सुवर्ण अस्वल. या दुसऱ्या चित्रपटात तो आणि जीना भाऊ-बहीण आहेत. यकृताच्या विकाराने लॉस अँजेलिस येथे त्याचे निधन झाले. निक, अलेक्झांड्रा आणि झोई ही त्याची तिन्ही मुले पुढे दिग्दर्शनात उतरली. ‘इंडिपेंडंट स्पिरिट’ पुरस्कारांत कमी खर्चात केलेल्या चित्रपटाला त्याच्या नावाचा पुरस्कार दिला जातो.