कर्णाश्म व मत्स्यावशेष : जातिनिश्चिती
माशांच्या अंतर्कर्णातील चुनखडीयुक्त खडे (कर्णाश्म), हाडे, दात, काटे व खवले यांवरून माशाची जात ओळखण्याची पद्धत.

उगम : जर्मन पुराजीववैज्ञानिक एर्न्स्ट कोकेन यांनी १८८४ मध्ये जीवाश्म कर्णाश्मांचा पद्धतशीर अभ्यास मांडला. योहानेस राइबिश यांनी १८९९ मध्ये कर्णाश्मांतील वलयांवरून माशांचे वय काढले.

वैशिष्ट्ये : अस्थिमत्स्यांत कर्णाश्मांच्या तीन जोड्या असतात : बाणाश्म, तारकाश्म व लॅपिलस. ते मुख्यतः अ‍ॅरागोनाइटचे बनलेले असून त्यांचा आकार, कडा व खोबण जातिपरत्वे भिन्न असते. घोळ, ढोमा यांसारख्या सागरी माशांत बाणाश्म (सॅजिटा) मोठा असतो. रोहू, कटला यांत तारकाश्म (अ‍ॅस्टेरिस्कस), तर शिंगाळ्यासारख्या मार्जारमीनांत लॅपिलस ठळक असतो. कार्पवर्गीय मासे घशातील दातांवरून, तर मार्जारमीन वक्षपराच्या दातेरी काट्यावरूनही ओळखता येतात. शार्क व पाकट यांत असे कर्णाश्म नसल्याने दात व मणके उपयोगी पडतात (पहा : उपास्थिमत्स्य). निश्चितीसाठी ज्ञात जातींच्या सांगाड्यांचा तुलनात्मक संग्रह लागतो. आम्लधर्मी मातीत कर्णाश्म विरघळतात. उत्खननातील माती बारीक चाळणीने चाळली नाही, तर लहान अवशेष हातून निसटतात.

महत्त्व : प्राचीन आहार, मासेमारीचा हंगाम, माशांचे आकारमान व व्यापार यांची माहिती मिळते. पुण्याच्या डेक्कन कॉलेजने उत्खनन केलेल्या इनामगाव येथे मत्स्यावशेष आढळले (पहा : इनामगाव). पंचगंगाकाठच्या कोल्हापूर परिसरातील अवशेषांच्या तुलनेसाठी स्थानिक नदीमाशांचे नमुने आवश्यक ठरतात (पहा : ब्रह्मपुरी, पंचगंगा). विल्यम साइक्स यांनी १८३९ मध्ये दख्खनच्या माशांचे वर्णन करताना शिंगाळ्याच्या शास्त्रीय नावात त्याचे मराठी नावच वापरले.