‘मेट्रोपोलिस’ची लेखिका आणि बेळगुंदीचे तेंडुलकर

१/ १० जानेवारी १९२७ रोजी बर्लिनमध्ये ‘मेट्रोपोलिस’ हा मूकपट प्रथम दाखवला गेला. वर धनिकांचे मनोरे, खाली पाळ्यांमध्ये यंत्रांना जुंपलेले कामगार. या चित्रपटाबरोबर दिग्दर्शक फ्रिट्झ लांग यांचे नाव घेतले जाते. पटकथा आणि त्याच नावाची कादंबरी मात्र थेआ फॉन हार्बू यांची.

२/ १८८८ मध्ये बव्हेरियात जन्मलेल्या थेआ १९०६ पासून रंगभूमीवर अभिनेत्री होत्या. ड्युसेलडॉर्फ, वायमार, आखेन येथे भूमिका करता करता त्यांची लेखणी स्थिरावली. भारत कधीही न पाहता त्यांनी एका भारतीय थडग्याभोवती कादंबरी रचली. १९२१ मध्ये तिच्यावर चित्रपट आला. १९२२ मध्ये त्यांनी लांग यांच्याशी विवाह केला. ‘डॉ. माबुझे’पासून ‘एम’पर्यंत दोघांनी एकत्र काम केले.

३/ १९३३ मध्ये दोघे विभक्त झाले. लांग यांनी जर्मनी सोडली. थेआ यांच्या आयुष्यात तोवर बेळगावजवळच्या बेळगुंदीचे आयी तेंडुलकर आले होते. शिक्षणासाठी जर्मनीत गेलेले हे मराठी पत्रकार वयाने त्यांच्याहून बरेच लहान. दोघांनी विवाह केला, पण गुप्तपणे. नाझी राजवटीत तो उघड करणे शक्य नव्हते.

४/ खरा पेच येथे आहे. ज्या राजवटीपासून हा विवाह लपवावा लागला, तिच्याच चित्रपटसृष्टीत थेआ लिहीत राहिल्या. १९३४ मध्ये त्यांनी दोन चित्रपट दिग्दर्शित केले. त्या नाझी पक्षाच्या सदस्यही झाल्या.

५/ महायुद्धाच्या तोंडावर तेंडुलकर भारतात परतले. १९४५ मध्ये गांधीजींच्या आशीर्वादाने सेवाग्राम येथे त्यांचा इंदुमती गुणाजी यांच्याशी विवाह झाला. त्याच वर्षी थेआ ब्रिटिशांच्या स्थानबद्धता छावणीत होत्या. सुटकेनंतर त्यांनी बर्लिनमध्ये ढिगारे उपसण्याचे काम केले. जर्मनीतील भारतीयांना मदत करता यावी म्हणून आपण पक्षात गेलो, असे त्यांचे म्हणणे होते. १ जुलै १९५४ रोजी बर्लिनमध्ये त्यांचे निधन झाले.

६/ मराठी वाचकाला या कथेतील प्रेमप्रकरण साहजिकच जवळचे वाटते. परंतु भारतीय पतीवरील प्रेमाने नाझी राजवटीची सेवा पुसली जात नाही आणि त्या सेवेमुळे ‘मेट्रोपोलिस’चे कर्तृत्वही दुसऱ्याचे ठरत नाही. इतिहासाच्या अभ्यासकाने या दोन्ही नोंदी एकाच पानावर ठेवाव्यात.